नकार कोणी द्यावयाचा?

गेल्या पौषातील एका संध्याकाळी आमच्या घरमालकांचा नातू आमच्या खोलीच्या उंबऱ्यापाशी येऊन उभा राहिला आणि म्हणाला, "दादा, आजीचा तो व्हिडिओ काढून टाकू काय?" आम्ही कार्यालयातून नुकतेच आलो होतो, हातात चहाचा पेला होता, आणि चहा पिता पिता नीतीच्या प्रश्नांची उत्तरे देण्याची सवय आम्हांस नाही. "ते तुझे तू ठरव. व्हिडिओ तुझा आहे," असे आम्ही म्हणालो. बारा वर्षे केंद्र सरकारची कारकुनी केलेल्या माणसाच्या तोंडी हे वाक्य आपोआप येते. आपल्या टेबलावरील फाइल दुसऱ्याच्या टेबलावर सरकविण्याची ती भाषा आहे. मुलगा 'बरं' म्हणून निघून गेला, आणि फाइल मात्र आमच्याच टेबलावर पडून राहिली. प्रस्तुत लेख हा तिच्यावरील उशिरा लिहिलेला शेरा आहे, हे आधीच कबूल केलेले बरे.

आमचे बिऱ्हाड रायपूरच्या ब्राह्मणपाऱ्यात आहे. 'पारा' हा इकडचा शब्द. आपण आळी किंवा मोहल्ला म्हणतो तेच. कंकाली तलाव, आझाद चौक, जवळचा तात्यापारा अशी ही जुन्या रायपुरातील वस्ती. अठराव्या शतकात छत्तीसगढात नागपूरकर भोसल्यांचा अंमल आला. त्याबरोबर आणि त्यामागून जी मराठी घराणी इकडे आली त्यांचे वंशज अजून येथे नांदत आहेत. आमचे घरमालक आपले मूळ त्यांतच सांगतात. त्यांच्या घरातील मराठी ऐकून पुण्याहून आलेला पाहुणा प्रथम गोंधळतो. क्रियापद मराठी, अव्यय हिंदी आणि रागावताना सगळेच छत्तीसगढी! बदलीच्या नोकरीत ज्यांची मुले तीन प्रांतांत तीन भाषा शिकली आहेत अशा आमच्या वाचकांना यात नवल वाटावयाचे नाही.

या घरात एक आजी आहेत. वय ऐंशीच्या पलीकडे. नातू वाणिज्य शाखेचा पदवीधर, नोकरीच्या परीक्षा देत असलेला. रिकाम्या वेळी तो आजीचे व्हिडिओ तयार करून इंटरनेटवर टाकत असे. आजी ठेठरी तळत आहेत, अनारशाचे पीठ मळत आहेत, लहानपणीच्या तलावाची हकीकत सांगत आहेत, असे ते व्हिडिओ असत. तीन-चारशे माणसे ते पाहत; त्यांतील निम्मी नात्यातली. मग एके दिवशी आजी वाटाणे सोलत असताना त्यांनी नातवाला त्याच्या वडिलांच्या नावाने हाक मारली आणि "आज उशीर का केलास? जेवलास का?" असे विचारले. वडील जाऊन सहा वर्षे झाली आहेत. मुलगा गडबडून म्हणाला, "आजी, बाबा नाहीत गं आता." आजींनी ती बातमी जणू पहिल्यांदाच ऐकली. पुढील दीड मिनिटात जे झाले ते लिहिण्याची आमची इच्छा नाही, आणि लिहिण्याची आवश्यकताही नाही, कारण चार दिवसांत सहा लाख माणसांनी ते पाहिले.

त्या सहा लाखांत आम्ही होतो. कार्यालयात दुपारच्या सुटीत आम्ही तो व्हिडिओ पाहिला, डोळे पुसले, नागपूरला बहिणीकडे पाठविला आणि संध्याकाळी घरी आल्यावर पुन्हा एकदा पाहिला. आजींची खोली आमच्या खोलीपासून तीस पावलांवर आहे. त्या आठवड्यात आम्ही त्यांच्याकडे गेलो नाही.

येथे कोणी म्हणेल की आता नव्या यंत्रांच्या नावाने नेहमीचे रडगाणे सुरू होणार. तसे नाही. ज्या प्रदेशात आम्ही राहतो त्या प्रदेशास या नव्या माध्यमाने जे दिले ते पाहिले म्हणजे रडगाणे गाण्याचा अधिकारच उरत नाही. छत्तीसगढी ही कोट्यवधी लोकांची बोली. पण रूपेरी पडद्यावर ती प्रथम उमटली १९६५ साली, मनु नायक यांच्या 'कहि देबे संदेस' या चित्रपटात. सवर्ण मुलगी आणि दलित मुलगा यांच्या प्रेमाची ती कथा होती आणि तिला विरोधही झाला. दुसरा चित्रपट 'घर द्वार' १९७१ चा. नंतर जवळजवळ तीस वर्षे सामसूम. 'मोर छंइहा भुंईया' आला तो थेट २००० साली, ज्या वर्षी हे राज्य जन्मास आले त्याच वर्षी. मधल्या तीस वर्षांत या बोलीत हसणारी, भांडणारी, नाचा रंगविणारी माणसे नव्हती काय? हबीब तन्वीर या रायपूरच्या सुपुत्राने नाचातील गावकरी नट दिल्लीच्या आणि परदेशच्या रंगमंचावर नेले; दाऊ रामचंद्र देशमुखांनी १९७१ साली दुर्गजवळच्या बघेरा गावी 'चंदैनी गोंदा' उभा केला. माणसे होती, गुण होते. कॅमेरा, फिल्म आणि चित्रगृह यांचा खर्च सोसणारा धनी तेवढा नव्हता.

आज त्याच रायपूर जिल्ह्यात तिल्दा-नेवऱ्याकडे तुलसी नावाचे गाव आहे. वस्ती चार हजारांच्या आसपास. २०१८ साली जय वर्मा आणि ज्ञानेंद्र शुक्ल या दोन तरुणांनी तेथे यूट्यूबवर 'बीइंग छत्तीसगढिया' नावाचा चॅनेल काढला. एक शिकवणीवर्गात शिकवीत असे, दुसरा संगणकजालाच्या कामातला. विनोदी प्रवेश, गावातील भांडणे, सासू-सून, निवडणूक असे त्यांचे विषय. २०२५ साली त्या गावाविषयी जी वृत्ते प्रसिद्ध झाली त्यांत हजाराहून अधिक गावकरी या ना त्या रीतीने या कामात असल्याचे सांगितले आहे. कोणी लिहितो, कोणी अभिनय करतो, कोणी नुसता मागून चालत जातो. २०२३ साली जिल्हा प्रशासनाने गावात स्टुडिओ बांधून दिला. ज्या घरांतील स्त्रिया परक्या माणसासमोर बोलत नसत त्या घरांतून नट्या निघाल्या, आणि पिंकी साहू नावाची एक तर येथल्या चित्रपटांतही पोहोचली. पूर्वी गावातील नटाने शहरात जाऊन दिग्दर्शकाच्या दाराशी तिष्ठत उभे राहावयाचे असा क्रम होता. आता चित्रपटवाले गावच्या व्हिडिओंतून नट निवडू लागले आहेत.

आपल्या मराठीतही असेच घडले. मधुरा बाचल यांनी २००९ साली मराठी पाककृतींचा चॅनेल सुरू केला तेव्हा त्यांच्या पाठीशी कोणतीही दूरदर्शन-वाहिनी नव्हती. २०१६ च्या 'भाडिपा'ने शहरी मराठी कुटुंबाची थट्टा त्याच कुटुंबाच्या बोलीत केली. आणि २०२० साली अहिल्यानगर (तेव्हाचे अहमदनगर) जिल्ह्यातील सारोळा कासारच्या सुमन धामणे या आजीबाई सत्तरीच्या घरात 'आपली आजी' म्हणून महाराष्ट्राला ठाऊक झाल्या. आमच्या घरच्या नातवाने आपली प्रेरणा त्यांच्यापासूनच घेतली होती.

तेव्हा दार उघडले, आणि उघडले हे चांगले झाले. प्रश्न एवढाच की त्या दारावर जो द्वारपाल उभा असे त्याच्याकडे दुसरेही एक काम होते, आणि ते काम आता कोणाकडे गेले?

या द्वारपालांतील दोन मराठी माणसांची आठवण येथे होते. पहिले माधवराव सप्रे. बुढापाऱ्यातील त्यांच्या नावाची शाळा रायपूरच्या प्रत्येक बिऱ्हाडकरूने पाहिली असेल. जानेवारी १९०० मध्ये त्यांनी पेंड्रा या आडगावातून 'छत्तीसगढ मित्र' हे हिंदी मासिक काढले. सहसंपादक रामराव चिंचोलकर, प्रकाशक वामन बळीराम लाखे. तिघेही मराठी, आणि मासिक हिंदी! परप्रांतात येऊन तेथील भाषेची एवढी चाकरी करणारे लोक आपल्यात होऊन गेले, हे मनात ठेवण्याजोगे आहे. मासिक तीन वर्षे चालले आणि तोट्यात बुडाले. पण त्या तीन वर्षांत सप्र्यांनी पुस्तकांची समालोचना नेटाने केली. भाषेत केरकचरा साचू नये म्हणून कोणी तरी 'हे बरे नाही' असे नाव घालून म्हटले पाहिजे, अशी त्यांची धारणा होती. हिंदीत या प्रकारच्या ग्रंथपरीक्षणाचा पाया घालणाऱ्यांत त्यांची गणना होते. त्यांनी नकार दिला तर तो सहीनिशी असे, आणि ज्याला नकार मिळाला त्यास भांडावयास पत्ता ठाऊक असे.

दुसरे बाळकृष्ण विश्वनाथ केसकर. १९५२ पासून १९६२ पर्यंत केंद्रात ते माहिती व नभोवाणीमंत्री होते. चित्रपटसंगीताने जनतेची अभिरुची बिघडते अशा समजुतीने त्यांनी आकाशवाणीवरील चित्रपटगीतांस जवळजवळ बंदी घातली. परिणाम सर्वविश्रुत आहे. जनतेने रेडिओचा काटा सिलोनकडे फिरविला, १९५२ सालीच तेथे 'बिनाका गीतमाला' सुरू झाली होती, आणि १९५७ मध्ये सरकारला 'विविध भारती' काढावी लागली. केसकरांचा हेतू शुद्ध असेल, पण वरून दिलेला नकार खाली पोहोचेपर्यंत हास्यास्पद होतो. आम्ही हे उदाहरण मुद्दाम घेतले. द्वारपाल परत आणून बसवा, एखादे मंडळ नेमा, नियमावली काढा, असे सुचविण्याचा मोह आमच्यासारख्या परिपत्रकांवर वाढलेल्या माणसास लवकर होतो.

आता कोणी म्हणेल की संपादक गेला, मंत्री गेला, तरी रसिक आहेच. लोकांनी पाहिले तर चांगले, नाही पाहिले तर वाईट. याहून प्रामाणिक न्याय कोणता? आणि हे काही आजचे नाही. तमाशाच्या बोर्डावर दौलतजादा होत असे, म्हणजे आवडल्याचा रोकडा पुरावा. संगीत नाटकांत 'वन्स मोअर'च्या आरोळ्या उठत, आणि गंधर्व मंडळीच्या काळी त्यांपायी नाटक पहाटेपर्यंत लांबत असे. प्रेक्षकांच्या आवडीने कलेचा आकार बदलतो, हे आपण शंभर वर्षे पाहिले आहे. मग संख्येला एवढे भिण्याचे कारण काय?

अंक लिहिणे हा आमचा पोटापाण्याचा धंदा आहे, म्हणून अंकांविषयी दोन शब्द बोलण्याचा अधिकार आम्ही घेतो. कोणताही अंक काय मोजतो हे ठाऊक असल्याखेरीज तो नोंदवहीत घेऊ नये, असे आम्हांस पहिल्या वर्षी शिकविले गेले. यूट्यूब २००५ साली निघाले. आरंभी किती जणांनी व्हिडिओ उघडला यास महत्त्व होते. २०१२ पासून किती वेळ पाहिला यास अधिक वजन देण्यात येऊ लागले. जाहिरातीच्या उत्पन्नात वाटा मिळावयाचा तर एक हजार सभासद आणि वर्षभरात चार हजार तासांचे पाहणे भरावे लागते, असा दंडक २०१८ सालापासून आहे. मोठ्या व्हिडिओंवरील जाहिरात-उत्पन्नाचे शेकडा ५५ निर्मात्यास मिळतात. रक्कम लहान नव्हे. मे २०२५ मध्ये कंपनीचे प्रमुख नील मोहन यांनी मुंबईत सांगितले की मागील तीन वर्षांत भारतातील निर्माते, कलावंत आणि माध्यमसंस्था यांना मिळून २१,००० कोटींहून अधिक रुपये दिले गेले. सरकारनेही मार्च २०२४ मध्ये अशा निर्मात्यांस दिल्लीत राष्ट्रीय पुरस्कार दिले. म्हणजे हा आता पोरखेळ राहिलेला नाही, एक रीतसर धंदा झाला आहे, आणि त्या धंद्याचे मुख्य माप माणूस किती वेळ थांबला हे आहे.

माणूस अनेक कारणांनी थांबतो. भीमसेनांची तान लागली म्हणून रस्त्यात थांबतो आणि ट्रकखाली कोणी सापडले म्हणूनही थांबतो. दोन्ही ठिकाणी तो सारखाच वेळ उभा राहिला तर अंक सारखाच येतो. दौलतजादा करणारा समोर बसलेला असे. त्याची नजर कशी आहे हे नाचणारणीस कळत असे, आणि पदर सावरून घेण्याचा अवसर तिला असे. 'वन्स मोअर' म्हणणाऱ्यास शेजारचा रसिक 'गप्प बसा' म्हणू शकत असे. ती आरोळी नाट्यगृहाच्या भिंतींपलीकडे जात नसे आणि सकाळी विरून जात असे. अंकास नजर नाही. तो आरोळी तेवढी पोहोचवितो.

आमच्या घरच्या मुलापाशी ती कशी पोहोचली ते आम्हांस पुढे कळले. व्हिडिओखाली शेकडो लोकांनी आपापल्या आईविषयी, आजीविषयी लिहिले. ते मनापासून होते, यात शंका नाही. त्यांतच कोणी लिहिले, 'पुढचा भाग केव्हा?' एका वृत्तवाहिनीवरून फोन आला. पूर्वी ज्या वाहिनीच्या दाराशी हा मुलगा उभा राहिला असता तीच आता त्याच्या दाराशी आली होती, आणि तिची मागणी एवढीच होती की असेच आणखी काही असेल तर द्यावे. मग ठेठरीचा एक नवा व्हिडिओ त्याने टाकला. पाहणारे पुन्हा चारशे. तेव्हा एका सकाळी त्याने फोन तिपाईवर लावला, आजींसमोर बसला आणि विचारले, "आजी, मी कोण?" आजी म्हणाल्या, "मेल्या, डोळे फुटले का माझे? माझा नातू तू." त्या दिवशी त्यांस सर्व काही आठवत होते. नातवाच्या म्हणण्याप्रमाणे त्या क्षणी त्यास जे वाटले ती निराशा होती. आजी बऱ्या आहेत याची निराशा! त्याची त्यालाच भीती वाटली, आणि त्याच संध्याकाळी तो आमच्या उंबऱ्यापाशी आला. आम्ही चहा पीत होतो.

आता आपल्याच माणसांस पडद्यावर आणण्यात मुळात काही गैर आहे काय? भारतीय चित्रपटाचा आरंभच घरातून झाला. दादासाहेब फाळक्यांनी १९१३ च्या 'राजा हरिश्चंद्र'मध्ये आपला मुलगा भालचंद्र याला रोहिताचे काम दिले. पत्नी सरस्वतीबाई फिल्मला भोके पाडण्यापासून मंडळीच्या स्वयंपाकापर्यंत सर्व काही करीत. १९१९ च्या 'कालिया मर्दन'मध्ये त्यांची मुलगी मंदाकिनी बाळकृष्ण झाली. आजच्या घरगुती निर्मात्यांचे मूळपुरुष म्हणून फाळक्यांकडे बोट दाखविता येईल, आणि ते खोटे ठरणार नाही. पण मंदाकिनी ही कृष्ण झाली होती. मुलीचे आणि प्रेक्षकांचे मध्ये एक मोरपीस होते. ती पाण्यात उडी घेई ती कृष्णाची उडी, आणि टाळी पडे ती कृष्णाला. सारोळ्याच्या आजीबाई कृष्ण होत नाहीत हे खरे. पण त्या आपली कला दाखवितात, हातातील चव दाखवितात, आणि काय दाखवावयाचे व काय झाकावयाचे हे त्यांचे त्यांस कळते. आमच्या आजींच्या त्या दीड मिनिटात मोरपीस नव्हते आणि हातची कलाही नव्हती. तेथे एक माणूस आपल्या मुलाच्या मरणाची बातमी ऐकत होते.

संमती घेतली असती तर? हा प्रश्न आम्ही स्वतःस पुष्कळदा विचारला. आजींची संमती सकाळी मिळाली असती आणि दुपारी त्या विसरल्या असत्या. अशा वेळी संमती पालकाने द्यावयाची असते. पण येथे पालक आणि लाभधारक एकच. आपले बिल आपणच पास करू नये हा कोणत्याही लेखा-कार्यालयातील पहिला धडा. माणूस लबाड असतो असा त्याचा अर्थ नव्हे. प्रामाणिक माणसालाही आपले बिल नेहमी बरोबरच दिसते, म्हणून ते दुसऱ्या टेबलावरून जावे लागते. तुलसीच्या मंडळींत लिहिणारा एक, अभिनय करणारा दुसरा, चित्रण करणारा तिसरा असतो. तेथे 'हे नको' म्हणणारे तोंड सापडण्याचा संभव तरी आहे. एकट्या मुलाने, एका फोनने, रात्री अकरा वाजता केलेल्या कामास दुसरे टेबलच नसते. त्या मुलास ते टेबल हवे होते. म्हणूनच तो आला होता.

दुसऱ्या बाजूचेही म्हणणे नोंदवावयास हवे, आणि ते हलके नाही. व्हिडिओतून आलेल्या पैशांत आजींची दोन महिन्यांची औषधे झाली. विसरण्याचा हा आजार ज्यांच्या घरी आहे त्यांपैकी कित्येकांस आपण एकटे नाही असे वाटले. आमच्या बहिणीने तो पाहून सासूबाईंस डॉक्टरांकडे नेले. मग सहा लाखांनी पाहिले यात अपाय कोणता झाला? आजींस तर काही आठवतही नाही. ज्यास दुखापतीची जाणीव नाही त्यास दुखापत झाली असे कसे म्हणावयाचे?

या युक्तिवादाने आम्ही काही दिवस निश्चिंत होतो. पुढे तो आम्हांस पटेनासा झाला. शेजारी बेशुद्ध पडला असता त्याच्या अंगावरचे वस्त्र सरकले तर आपण ते नीट करतो. त्यास कळणार नसते, तरी करतो. किंबहुना त्यास कळणार नसते म्हणूनच ते आपले काम होते. आजींस आठवण असती तर त्यांनी स्वतः पदर डोळ्यांस लावून तोंड फिरविले असते. ते तोंड फिरविणे त्यांच्या वतीने दुसऱ्या कोणी करावयाचे होते. नातवाने केले नाही. त्याचे वय तेवीस, आणि तो त्या क्षणी स्वतःच वडिलांची आठवण येऊन हादरला होता. पाहणाऱ्यांनी केले नाही, कारण आपण लाखांतले एक, आपल्या एकट्याच्या पाहण्याने काय होते असे प्रत्येकास वाटले. आम्हांस तर कशाचेच निमित्त नव्हते. आम्ही आजींस ओळखत होतो.

श्रावणी सोमवारची खुलभर दुधाची कहाणी लहानपणी सर्वांनी ऐकली आहे. राजाच्या आज्ञेने सगळ्या गावाने आपले दूध महादेवाच्या गाभाऱ्यात ओतले, आणि गाभारा भरला नाही. घरोघरची वासरे आणि मुले मात्र उपाशी राहिली. म्हातारीने आधी मुलाबाळांस, वासरांस घातले आणि उरलेले खुलभर दूध नेले, त्याने गाभारा भरला. पूर्वी ही कहाणी आम्हांस भक्तीची वाटे. हल्ली तीत हिशेब अधिक दिसतो. कोणास आधी आणि कोणास मागून, एवढाच तो हिशेब आहे. आम्ही आमचे खुलभर अश्रू कार्यालयात बसून पडद्यावर ओतले, आणि तीस पावलांवरील खोलीत रिकाम्या हातांनीही गेलो नाही.

माघ उजाडल्यावर आम्ही मुलास गाठले आणि म्हटले, "तू विचारलेस तेव्हाच सांगावयास हवे होते. काढून टाक." तो म्हणाला, "दादा, पंधरा दिवस झाले काढून." आम्हांस थोडे बरे वाटले, ते फार टिकले नाही. "पण लोकांनी उतरवून घेऊन आपापल्या नावावर टाकलाय. एकाने तर खाली गाणं लावलंय." आम्ही ज्या दिवशी फाइल परत सरकविली त्या दिवशी त्या प्रती निघाल्या होत्या की नाही, हे आम्ही विचारले नाही.

नंतरच्या रविवारी आम्ही आजींकडे गेलो. आता दर रविवारी जातो. त्या आम्हांस कधी ओळखतात, कधी आमच्याआधीच्या भाडेकरूच्या नावाने हाक मारतात. एकदा कोणी शेजारणीने काही सांगितले असावे, त्या म्हणाल्या, "भाऊ, माझं काही तरी फोनवर आलंय म्हणे. सारं जग बघतंय म्हणे. मला दाखवा ना." नातू दारात उभा होता. त्याने आमच्याकडे पाहिले. आम्ही फोन काढला आणि ठेठरीचा व्हिडिओ लावून त्यांच्या हाती दिला. तीनशे बारा जणांनी पाहिलेला. आजींनी तो फोन डोळ्यांजवळ धरून शेवटपर्यंत पाहिला.

"तेल नीट तापलं नव्हतं," त्या नातवास म्हणाल्या. "हे काय दाखवतोस लोकांस?"